ग्रीक देवी पांढऱ्या नव्हत्या, माई

सनीव्हेल, शनिवार

प्रिय माई,

तुम्ही असताना मी तुम्हाला मिरजेला जेवढी पत्रं लिहिली, ती सगळी 'शिरसाष्टांग नमस्कार'नं सुरू झाली आणि 'इकडील सर्व क्षेम' म्हणून संपली. मधे इथली हवा, रेवाची उंची आणि श्रीकांतच्या कंपनीतल्या बातम्या. तुम्हाला जाऊन दीड वर्ष होत आलं आणि आज पहिल्यांदा मी तुम्हाला खरं काहीतरी लिहायला बसले आहे. आता पत्ताच नाही! पण तुमच्या सुनेला सगळं उशिराच सुचतं, हे तुम्हीच म्हणायचात.

आज का लिहितेय, ते आधी सांगते. आज सकाळी मी तेच पुन्हा केलं.

उद्या रविवारी आपल्याकडे संक्रांतीचं हळदीकुंकू आहे. इथे संक्रांतसुद्धा वीकएंड बघूनच येते, ते तुम्ही पाहिलंयच. सकाळी मी वाण म्हणून आणलेले मेझरिंग कप पिशव्यांत भरत होते, तेवढ्यात माधवीचा फोन आला. माधवी तुम्हाला आठवते ना? माउंटन व्ह्यूची, मोठ्यानं हसणारी, तुमच्याकडून थालीपीठ शिकलेली. तिचा सुहास ऑक्टोबरमध्ये गेला. ऑफिसातच कोसळला. चाळिशीही गाठली नव्हती त्यानं.

"नीलू, उद्या किती वाजता गं?" ती म्हणाली. "मी दहीवडे आणते. कुणी दुसरं आणत असेल तर आत्ताच सांग, दॅट्स ऑल."

आणि मी काय म्हणाले असेन? "अगं, तू कशाला त्रास घेतेस? गर्दी असणार, सगळ्या नटूनथटून येतील, तुलाच उगीच अनकम्फर्टेबल होईल. आपण दोघी मंगळवारी निवांत लंचला जाऊ ना!"

मग, "ओके. शुअर. नो प्रॉब्लेम." आणि तिनं फोन ठेवला.

किती गोड आवाजात बोलले हो मी! एखाद्याला दारातून परत पाठवायचं असलं की माझा आवाज असाच होतो. रिसीव्हर हातातच होता आणि मला तुम्ही दिसलात, आमच्या हॉलमधल्या खुर्चीत बसलेल्या.

पण त्या खुर्चीपर्यंत मला सरळ जाता येत नाही. आधी कॉलेजातल्या त्या मोठ्या खोलीत जाते.

आम्ही ऐंशी साली इथे आलो तेव्हा व्हिसामुळे मला नोकरी करता येत नव्हती. श्रीकांत दिवसभर कॉम्प्युटरच्या चिप्समध्ये बुडालेला. मग मी जवळच्या कॉलेजात एक वर्ग घेतला, 'प्राचीन ग्रीस : कला आणि विचार', कारण तो बसच्या वेळेत बसत होता! दुसरं काही कारण नव्हतं. पुढे त्याचंच वेड लागलं. ग्रीन कार्ड आल्यावर त्याच कॉलेजच्या छोट्या म्युझियममध्ये मला अर्ध्या दिवसाची नोकरी मिळाली. तुम्हाला हे कधीच पटलं नव्हतं. "बी.कॉम. झालीस आणि बाहुल्या पुसतेस?" असं तुम्ही आल्या आल्या विचारलंत.

त्या बाहुल्या दाखवायला मी तुम्हाला घेऊन गेले होते. अण्णांना जाऊन वर्षही झालं नव्हतं. तुमच्या बॅगेत सगळ्या फिकट साड्या होत्या: राखी, पांढरट, एखादी फिकी निळी. खोलीत अथेन्सच्या मूर्तींच्या प्लॅस्टरच्या नकला ओळीनं उभ्या होत्या, सगळ्या पांढऱ्याफेक. तुम्ही दारातच थांबलात. "अगं बाई! ह्या सगळ्या आमच्यातल्याच का?"

मी हसले. खरंच हसले, माई. विनोद म्हणूनच ऐकलं मी ते.

मग मी माझं पाठ केलेलं सुरू केलं. ग्रीक लोक मूर्ती रंगवायचे. देवीच्या केसांना लाल, झग्याला निळी-हिरवी नक्षी, ओठ, डोळे, सगळं. देवळंसुद्धा रंगीत. पुढे ऊन-पावसानं रंग उडाला, आणि ज्यांना त्या मूर्ती सापडल्या त्यांना वाटलं की ह्या पांढऱ्याच होत्या आणि पांढरं म्हणजेच थोर. कुठेकुठे उरलेसुरले रंगसुद्धा घासून काढले.

"म्हणजे थोडा पावसानं पुसला आणि बाकीचा माणसांनी," तुम्ही म्हणालात.

"हो, तसंच."

"मग आता कळलंय ना की रंग होता? लावत का नाहीत?"

आमचे म्हातारे प्रोफेसर तिथेच होते. मी त्यांना तुमचा प्रश्न इंग्रजीत सांगितला. ते आदबीनं म्हणाले की नक्की कुठली छटा होती ते कळत नाही. चुकीचा रंग देण्यापेक्षा आहे तसं ठेवलेलं बरं. मी ते मराठीत तुम्हाला सांगितलं. तुम्ही त्यांच्याकडे पाहून हसलात आणि मला म्हणालात, "चुकेल म्हणून लावायचाच नाही? सोपं आहे की!"

ते मी त्यांना भाषांतर करून सांगितलं नाही. मला लाज वाटली, आणि ती तुमची वाटली. आज माझी वाटते.

तुम्हाला ती खोली आवडली होती मात्र. काचेच्या पेटीतल्या देवळाच्या लाकडी प्रतिकृतीला तुम्ही चक्क प्रदक्षिणा घातलीत. मी सांगितलं की ह्या देवळात सरळ रेघ जवळजवळ नाहीच. खांब मधे किंचित फुगवलेत, जोतं मधे किंचित उचललंय, कारण नुसतं सरळ बांधलं तर लांबून डोळ्याला खचलेलं दिसतं. तुम्ही चष्मा पुसून पुन्हा बघितलंत. "सरळ दिसावं म्हणून वाकवायचं. आमच्या घरी ते काम माझ्याकडे होतं." आणि पुढच्या पेटीकडे गेलातसुद्धा.

येताना गाडीत मी तुम्हाला त्या अथेन्सच्या म्हाताऱ्याची गोष्ट सांगितली. चौकात उभा राहून येणाऱ्याजाणाऱ्याला प्रश्न विचारायचा. धैर्य म्हणजे काय, न्याय म्हणजे काय, तुला माहीत आहे म्हणतोस तर सांग बघू. शेवटी गावानं त्याला विष प्यायला लावलं. तुम्ही म्हणालात, "जेवायच्या वेळेला विचारत असेल." पण मग मिरजेला परत जाईपर्यंत तुम्ही त्याचीच री ओढलीत! "नीलिमा, स्वच्छ म्हणजे काय? भांडं मशीननं धुतलं की मी?" श्रीकांत हसून हसून बेजार व्हायचा. एक प्रश्न तेवढा तुम्ही मला विचारला नाहीत, आणि तोच विचारायला हवा होता. का नाही विचारलात? माझ्या दहीभातापासून माझ्या केसांपर्यंत सगळ्यावर बोलायचात, मग त्याच दिवशी जीभ का आवरलीत?

तो दिवस. चला, लिहितेच आता.

त्याच्या आधीच्या आठवड्यात आपण मॉलमध्ये तुम्हाला स्वेटर घ्यायला गेलो होतो. तुमचा हात एका डाळिंबी रंगाच्या स्वेटरवर थांबला. "हा बरा आहे, नाही?" तुम्ही विचारलंत, अगदी सहज विचारल्यासारखं. आणि मी, ग्रीकांच्या रंगांवर निबंध लिहून शाबासकी मिळवलेली, म्हणाले, "जरा भडक नाही का वाटणार, माई?" आपण बदामी घेतला. उरलेला सगळा हिवाळा तुम्ही तोच घातलात आणि ऊबदार आहे म्हणून चारचौघांत माझं कौतुक केलंत.

आणि मग हळदीकुंकू. तिळाचे सगळे लाडू तुम्ही वळले होतेत. पाक जमेना म्हणून इथल्या गुळाला शिव्या दिल्यात, पण लाडू झाले सुरेख. बायका आल्या. तुम्ही खिडकीजवळच्या खुर्चीत बसलात, सगळ्यांची चौकशी करत. मी करंडा घेऊन एका टोकापासून निघाले. देशपांडेकाकू झाल्या, माधवी झाली, तिच्या शेजारची झाली. पुढची खुर्ची तुमची. तुम्ही मान वर केलीत. कुंकू माझ्या बोटाला लागलेलंच होतं. मी थांबले. आणि बोट पलीकडच्या खुर्चीकडे वळलं.

कुणी मला बजावलं नव्हतं. कुणी रोखून बघत नव्हतं. मला स्वतःला तर असलं काही पटतही नाही, असं मी तेव्हा कुणालाही छातीठोकपणे सांगितलं असतं! मनात एवढंच आलं, की लावलं आणि तुम्हालाच वाईट वाटलं तर? देशपांडेकाकू काही बोलल्या तर? चुकलं तर? प्रोफेसरांचं ते उत्तर मी तुमच्यासमोर, तुमच्याच कपाळावर वापरलं.

खोलीत सगळ्यांना ते दिसलं होतं. तेव्हा तुम्हीच मोठ्यानं म्हणालात, "मला आपला तिळगूळ दे गं, मी लाडवांवर लक्ष ठेवून बसलेय." सगळ्या हसल्या. मीही हसले. सुटले असं वाटलं हो मला. माझा कार्यक्रम डोळ्याला सरळ दिसावा म्हणून तुम्ही वाकलात आणि मी ते चालवून घेतलं.

संध्याकाळी भांडी आवरताना मी विषय काढणार होते. तुम्ही म्हणालात, "दमली असशील, मी चहा टाकते." मी म्हटलं, उद्या बोलू. उद्याचं परवा झालं. एप्रिलमध्ये तुम्ही विमानात बसलात. मग फोन म्हटला की महाग, आणि लाइनवर आपलाच आवाज परत ऐकू यायचा. असलं बोलणं त्यात कसं करायचं? असं मी स्वतःला समजावलं. आणि मग त्या श्रावणात श्रीकांत एकटाच धावत मिरजेला आला. रेवाची शाळा सुरू होणार म्हणून मी आले नाही. तेही एक आहेच.

मघाशी श्रीकांतला मी हे सगळं सांगितलं. तुमच्या मुलाला! तो म्हणाला, "यार नीलू, आईच्या लक्षातही नसेल. यू आर ओव्हरथिंकिंग." तुम्ही त्याला बरं वाढवलंत, पण इतकं सुखात नको होतं वाढवायला.

अजून एक सांगायचंय, ते सर्वांत वाईट आहे. आमच्या म्युझियममध्ये एक नवीन तरुण बाई शिकवायला आल्या आहेत. त्यांनी विद्यार्थ्यांकडून एका मूर्तीची नवी नक्कल करवून घेतली आणि ती चक्क रंगवली. लाल केस, हिरवा झगा, त्यावर निळी नक्षी, डोळ्यांत काळं. छटा अंदाजानं घेतल्या आणि खाली पाटीवर तसं लिहूनही टाकलं. बघायला आलेल्या लोकांनी नाकं मुरडली. एक गृहस्थ म्हणाले, फार भडक झाली, जुनीच शोभत होती. त्या दिवशी माहिती सांगायचं काम माझ्याकडे होतं. काय बोलले मी! म्हटलं, पांढरं हे तिचं रूप नाही, तिच्यावर जे झालं त्याची ती खूण आहे. आपल्याला तिची सवय झाली आणि सवयीला आपण सौंदर्य म्हणायला लागलो. लोकांनी टाळ्या वाजवल्या. प्रोफेसरांनी पुढे येऊन हात मिळवला.

ही गोष्ट याच आठवड्यातली आहे, माई. आणि आज सकाळी मी माधवीला मंगळवारी लंचला बोलावलं.

शब्द तुमचेच होते जवळजवळ. प्रश्न तर तुमचाच होता. मी तो पाहुण्यांना ऐकवला, टाळ्या घेतल्या, आणि घरी येऊन पुन्हा बोट वळवलं.

इथपर्यंत लिहिलं आणि उठले. माधवीला फोन लावला. ती घरी नव्हती. आन्सरिंग मशीन लागलं. त्यावर अजून सुहासचाच आवाज आहे. "हाय, वी कान्ट कम टू द फोन." इतका उत्साही, की आत्ता येऊन उचलेल. निरोप न ठेवताच मी फोन खाली ठेवला.

मग ठरवलं की मिरजेला तुम्ही जशा दारोदार आमंत्रण करायला जायचात तसंच जायचं. करंडा रुमालात बांधला आणि गाडी काढली. आता परत येऊन पुढचं लिहितेय, अक्षर हललं असेल तर चालवून घ्या.

माधवी नुकतीच सामान घेऊन आली होती. दार उघडलं तेव्हा अंगात सुहासचा ढगळ स्वेटशर्ट. "अगं? काय झालं?"

"आमंत्रण करायला आलेय. उद्याच्या हळदीकुंकवाचं."

"फोनवर झालं की बोलणं."

"ते चुकलं माझं. तुला न विचारता मीच सगळं ठरवलं. आता विचारते." रुमालाची गाठ सुटेना. शेवटी तिनंच ती सोडवली. "माधवी, कुंकू लावू का?"

ती दाराला टेकून उभी राहिली. डोळे भरले तिचे, पण रडली नाही. "तुला माहितेय, सुहास गेल्यापासून मला सगळे फक्त सांगतातच. रेस्ट घे. इंडियाला जा. घर विक. घर विकू नकोस. आस्क कुणी करतच नाही यार."

"मग? लावू?"

"नको."

मला वाटलं, संपलं. फार उशीर केला मी, पुन्हा एकदा. करंडा झाकायला लागले तर तिनं माझा हात धरला.

"तू लावलंस की उद्या सगळ्या तुझ्याकडे बघणार. हाऊ नाइस ऑफ नीलिमा! आणि मी तिथे बसलेली, म्युझियममधल्या तुझ्या त्या बायकांसारखी. मला नाही लावून घ्यायचं कुणाकडून. उद्या मी लावणार. सगळ्यांना. करंडा माझ्या हातात दे. चालेल?"

माई, खरं सांगते, मी लगेच हो म्हणाले नाही. डोळ्यांसमोर देशपांडेकाकू आल्या. त्यांची कडक इस्त्रीची साडी, त्यांची मागे जाणारी मान. तेवढा वेळ माझं तोंड माधवी बघत होती आणि तिला त्यातलं सगळं वाचता आलं असणार. मग मी म्हटलं, "चालेल." तिनं विचारलं, "शुअर?" मी म्हटलं, "भीती वाटतेय. पण चालेल." ती म्हणाली, "मलाही वाटतेय," आणि मग किती महिन्यांनी तिचं ते मोठ्यानं हसणं ऐकलं!

येताना गाडीत एकच गोष्ट डोक्यात घोळत होती. आमच्या मूर्तींना काय हवंय ते विचारायची सोय नाही. लावू का, म्हटलं तर त्या काय बोलणार? म्हणून बिचारे प्रोफेसर अडतात आणि त्या नव्या बाई अंदाज करतात. पण तुम्ही तर समोर होतात, माई. माझ्याच खुर्चीत, माझ्याच घरात, मान वर करून. कदाचित तुम्ही नको म्हणाला असतात. कदाचित 'आण इकडे' म्हणून स्वतःच लावून घेतलं असतंत. कदाचित मला चार शब्द सुनावले असतेत. यांतलं काय झालं असतं ते मला आता कधीच कळणार नाही, कारण मी विचारलं नाही.

क्षमा मागायची पद्धत मला येत नाही. तुम्ही तर लगेच 'दमली असशील' म्हणून मोकळ्या व्हाल. म्हणून ह्या वेळी क्षमा मागत नाही, शब्द देते. उद्या चार वाजता बायका जमल्या की करंडा माधवीच्या हातात असेल. देशपांडेकाकूंनी मान मागे घेतली तर घेऊ देत, तो त्यांचा प्रश्न. पण तेव्हा मी विनोद करून सावरून घेणार नाही, स्वयंपाकघरात काही बघायला जाणार नाही, आणि माधवीलाही वाकू देणार नाही. मी तिच्यासमोर पहिल्या खुर्चीत बसलेली असेन. उद्याचं पहिलं कपाळ माझं.

तुमची सून,
नीलिमा